तुकोजी परत येतो ते रीळ

आमचे मामंजी एका जागी स्वस्थ बसलेले दिसले तर खुशाल समजावं, अंगात ताप आहे. एरवी पंचाहत्तरी गाठलेला हा माणूस सकाळपासून घरभर येरझाऱ्या घालतो, मधेच राजवाड्याच्या फाटकापर्यंत जाऊन काहीही न घेता परत येतो, पंखा लावतो, बंद करतो, कॉफी उभ्यानेच पितो. नौदलात सिग्नलमन होते. उभं राहून दूरवर बघत राहायची सवय हाडात मुरलेली. पण यंदा तमिळ पंचांगातला मासी महिना लागल्यापासून त्यांनी जे चालवलं होतं, ते पाहून माझाही पाय घरात ठरेना.

मी नंदिता, त्यांची सून. माहेर साताऱ्याचं. लग्न होऊन तंजावरला आले तेव्हा इथलं मराठी ऐकून वाटलं, हे लोक माझ्या खापरपणजीशी गप्पा मारून थेट माझ्याकडेच आलेत. आता तेच कानाला गोड लागतं. मामंजींचं नाव रघुनाथराव. त्यांना नुसतं रघू म्हणणारं एकच माणूस आता जिवंत आहे, आणि सगळा घोळ झाला तो त्याच माणसापायी.

घोळाला निमित्त झाली अखिला. ती चेन्नईची, माहितीपट करते. आईवडील मूळचे इथलेच, त्यामुळे आपलं मराठी तिला समजतं, उत्तर मात्र तमिळमध्ये येतं. एकाहत्तरच्या युद्धात नौदलातल्या पोरांनी आपापल्या हौसेने जे चित्रण करून ठेवलं होतं, ते ती गावोगाव फिरून गोळा करत होती. सरकारी फिल्ममध्ये तोफा दिसतात आणि साहेब दिसतात, मला बटाटे सोलणारे हात हवेत, असं ती पहिल्याच भेटीत म्हणाली आणि मामंजी तिथेच पाघळले. कारण त्यांच्या रिळात बटाटेच होते.

मुंबईच्या चोरबाजारातून घेतलेला आठ मिलिमीटरचा कॅमेरा ते जहाजावर निशाणांच्या कपाटात, घडी घातलेल्या झेंड्यांखाली दडवून ठेवत. साहेबाची पाठ वळली की तो बाहेर निघे. त्यात काय आहे म्हणाल, तर जहाज डोलत असताना दाढी करणारा एक जण, डेकवर येऊन पडलेला उडता मासा, तोफेच्या नळीवर वाळत घातलेले बनियन. युद्ध म्हणाल तर क्षितिजावर काजळाची दोन बोटं ओढावीत तसा धूर, तोही हललेला. आणि सगळ्यात शेवटी तुकोजी.

तुकोजी तंजावरजवळच्या पापनाशमचा, मामंजींचा जिवाभावाचा मित्र. दोघे बरोबरच भरती झाले, एकाच जहाजावर आले. युद्ध सुरू असतानाच तुकोजीची दुसऱ्या जहाजावर बदली झाली. त्या दिवशी तो कठड्याशी येतो, कॅमेऱ्याकडे पाहून हसतो, काहीतरी बोलतो, मग पलीकडे पाय टाकून दोरीच्या शिडीने होडीत उतरतो आणि होडी निघून जाते. त्याची पांढरी टोपी दिसेनाशी होईपर्यंत मामंजींनी कॅमेरा धरून ठेवला होता. ते दुसरं जहाज बुडालं. तुकोजी सापडला नाही.

त्याची आई शेषम्मा. आज नव्वदी ओलांडलेली. आम्ही सगळे तिला पाट्टी म्हणतो, म्हणजे आजी, आणि मामंजी अम्मा म्हणतात. मुलाची पेन्शन ती दरमहा घेते, पण मुलाचं श्राद्ध तिने एकदाही घातलेलं नाही. जेवून गेला की उपाशी गेला तेंही मला माहीत नाही, पिंड कसला ठेवूं, असं ती गावाला ऐकवत आली. त्याऐवजी दर मासी महिन्यात अनुषम नक्षत्राला, म्हणजे आपल्या अनुराधेला, ती त्याचा वाढदिवस करते. पायसम, म्हणजे खीर, होते, त्याच्या नावाने केळीचं एक पान वाढलं जातं, आणि नंतर ते गाईला घालतात.

युद्धानंतरच्या पहिल्या अनुषमला मामंजी सुटीवर आले ते प्रोजेक्टर घेऊनच. भिंतीवर वेष्टी, म्हणजे पांढरं धोतर, ताणली. बटाटे झाले, मासा झाला, आणि पुढे काय आहे ते मामंजींना आठवलं. आईला मुलगा जाताना कसा दाखवायचा? त्यांनी तळहाताने भिंग झाकलं, रीळ तसंच अंधारात शेवटपर्यंत सरकू दिलं आणि मग कळ उलटी फिरवली. वेष्टीवर होडी लांबून जवळ आली. पांढरी टोपी मोठी होत गेली. तुकोजी शिडी चढून वर आला, कठड्यावरून आत पाय टाकला आणि तोंडभर हसला. शेषम्मा उठून उभी राहिली आणि त्या कापडाला तिने विचारलं, "जेवलास का रे?"

कुणीही हसलं नाही. सगळे उठून जेवायला बसले. तिथून ही रीतच पडली. दर अनुषमला रीळ उलटं फिरायचं, तुकोजी यायचा, पाट्टी त्याला जेवलास का विचारायची आणि मग पानं वाढली जायची. उलट्या रिळात होडी मागच्या टोकाने पुढे येते, धूर धुरांड्यात शिरतो, पण पाट्टीने आयुष्यात जहाज पाहिलेलं नव्हतं, तिला काय त्याचं.

वीसेक वर्षांपूर्वी पाट्टीचे कान पार गेले. तेव्हापासून ती समोरच्याच्या ओठांवरून बोलणं ओळखते, तेही इतकं अचूक की तिच्यासमोर पुटपुटायचीसुद्धा सोय नाही. कळत नसे ते फक्त पडद्यावरच्या तुकोजीचं. अख्ख्या गावाचं तोंड वाचतें मी, माझ्याच लेकाचं कसं वाचवत नाही, काय म्हणतो रे तो, असं ती दरवर्षी विचारी. फिल्म मुकी आहे, असं मामंजी दरवर्षी सांगत आणि प्रोजेक्टर गुंडाळायला लागत.

गेल्या वर्षी त्या प्रोजेक्टरचा दिवा उडाला. चेन्नईपर्यंत शोधलं, तसला दिवा आता कुठे मिळत नाही. अखिला म्हणाली, रीळ द्या, स्कॅन करून लॅपटॉपवर दिसेल असं करून देते. मामंजींनी मोठ्या खुशीत डबा तिच्या हवाली केला. स्कॅन करणारं यंत्र ते रीळ सरळच वाचणार, हे त्यांच्या डोक्यात नंतर आलं. मग येरझाऱ्या सुरू झाल्या.

अनुषमच्या आदल्या दिवशी अखिला लॅपटॉप घेऊन आली. चित्र इतकं स्वच्छ आलं होतं की बटाट्याचे डोळे मोजावेत. मामंजी खुर्चीची पाठ धरून उभे होते. क्षितिजावरच्या धुराला तिने तोफांचे आवाज जोडले होते. मामंजी म्हणाले, एवढ्या लांबून काही ऐकू येत नाही, नुसता धूर दिसतो. तिने मान डोलावली. आणि मग तुकोजी आला, सरळ. हसला, बोलला, उतरला, गेला. मी तेरा वर्षांत त्याला कायम येतानाच पाहिलं होतं. शिडीवर त्याची मान खाली झाली तेव्हा मागचे नुकते कापलेले केस दिसले आणि मला भडभडून आलं. त्यात भर म्हणजे त्याच्या हलत्या ओठांवर अखिलाने शेकडो गळ्यांच्या विजयाच्या घोषणा चढवल्या होत्या.

"तो घोषणा देत नोव्हता," मामंजी म्हणाले.

मग काय म्हणत होता, मी विचारलं. त्यांनी पंखा बंद केला, परत लावला.

उत्तराऐवजी हुकूम निघाला. शेवटचं दृश्य उलटं कर. अखिला म्हणाली, घरच्या प्रतीत करून देते, माझ्या फिल्ममध्ये करता येणार नाही, कारण ते घडलं तसंच दाखवायला हवं. शिवाय या मुलाचा चेहरा स्पष्ट ओळखू येतो, तेव्हा त्याच्या घरच्यांना हे दाखवून त्यांची परवानगी घ्यावी लागेल. परवानगी मी देतो, मामंजी गरजले. तुझ्या फिल्ममध्ये काय राहायचं ते राहो, पण अम्माच्या नजरेस तो जाताना पडता कामा नये. एवढं बोलून ते राजवाड्याच्या फाटकाकडे चालू लागले.

मागे राहिले मी. स्वयंपाकघरात अखिलाला सगळं सांगितलं, ती वेष्टी, तो हात, ते दरवर्षीचं "जेवलास का". तिने कॉफीचा पेला खाली ठेवला. मग म्हणाली, त्या आईला काय बघायचंय, हे तिला कुणी कधी विचारलं का? मला राग आला. चार दिवस येऊन शहाणपण शिकवणाऱ्यांचा मला येतोच. पण तिचं खरं होतं, त्याचा जास्त आला.

उरलंसुरलं काम माझ्या नवऱ्याने केलं. पाहुण्याने काही विचारलं आणि साईरामने ते सांगितलं नाही, असं कधी व्हायचं नाही. अखिलाला बसथांब्यापर्यंत सोडायला गेला आणि पापनाशमचा पत्ता, कोपऱ्यावरच्या दुकानाची खूण, एवढंच काय, उद्या तिथे पायसम असतं हेही सांगून आला. वर रात्री मला म्हणतो, चांगली मुलगी आहे, मी म्हटलं सरळ जाऊन भेट.

दुसऱ्या दिवशी आम्ही दुपारी निघणार होतो. सकाळीच कनकलताचा फोन आला. ती पाट्टीची भाची, पाट्टीला तीच सांभाळते. येताना सुपारी आणा, असं सांगून ती म्हणाली, चेन्नईची मुलगी कॅमेरावाल्याला घेऊन आलीय, गोड आहे हो पोर, पाट्टीने तर त्या कॅमेरावाल्याला केळीची पानं पुसायला बसवलंय. मामंजी समोरच उभे होते. त्यांनी माझ्या तोंडाकडे पाहिलं आणि काही न विचारता चपला घातल्या. अखिलाला फोन लावला, तिने उचलला नाही. मी गाडी काढली.

वाटेत रेल्वेचं फाटक बंद मिळालं. मामंजी उतरले, फाटकापर्यंत चालत गेले, परत येऊन बसले, पुन्हा उतरले. दोन्ही बाजूंना भात कापून झालेल्या शेतांत उडीद हिरवागार उगवला होता, आणि ऊन आताच चटके देत होतं. गाडी येण्याचं नाव नव्हतं. मी शेवटी म्हणाले, मामंजी, बसा हो, तुम्ही चालून काही ती लवकर यायची नाही. ते बसले. मग समोर बघतच मला म्हणाले, "मी तिला काय सांगूं? एवढी वर्षं तुला फसवलों, असें सांगूं?"

मी म्हणाले, फसवलं कुठे, तुम्ही तिला मुलगा दाखवलात. पण तो काय बोलला तेवढं तरी तिला सांगायचं होतं. ते म्हणाले की शब्द सांगायचा तर तो निघताना बोलला हेही सांगावं लागतं, आणि मग उरतं काय. नुसती जाणारी होडी. तेवढ्यात गाडी धडधडत गेली, आमच्या मागचे हॉर्न सुरू झाले आणि बोलणं तिथेच राहिलं.

पापनाशमला पोचलो तेव्हा दारात कॅमेऱ्याची पिशवी बंदच पडलेली होती आणि कॅमेरावाला ओसरीवर निमूटपणे पानं पुसत होता. आत पाट्टी खुर्चीत बसली होती. समोर स्टुलावर लॅपटॉप, त्यावर नुसता रिकामा समुद्र. म्हणजे तुकोजी एकदा जाऊन चुकला होता. अखिला शेजारी उभी होती, तिचा चेहरा उतरलेला.

"उलट लावलीस मा तूं," पाट्टी तिला रागे भरत होती. "तो येतो. तूं त्याला पाठवतेस कशाला? रघूला येऊं दे, तो नीट लावील."

मामंजी पुढे झाले ते थेट लॅपटॉप मिटायलाच. अखिला हळूच म्हणाली, यात दोन्ही आहेत, सरळ आणि उलटं, तुम्ही म्हणाल ते लावते. मला हायसं वाटलं. उलटं लावायचं, तुकोजी येणार, जेवायला बसायचं, संपलं. मी देवाचे आभारसुद्धा मानायला लागले होते.

पण पाट्टीने मामंजींचा हात धरला. खुर्ची पुढे ओढून घ्यायला लावली आणि डोळ्यांवर हाताचा आडोसा करून पडद्याकडे वाकली. यंदा त्याचं तोंड स्वच्छ दिसतंय, ती म्हणाली, मघाशी काहीतरी कळतंय असं वाटलं तोवर तो उतरला, परत एकदा लाव. मामंजी तिच्या त्या वाकलेल्या पाठीकडे बघत राहिले. अखिलाचं बोट थांबलेलं होतं. मामंजींनी ते बाजूला सारलं, कोणतं सरळ ते विचारून घेतलं आणि स्वतःच्या हाताने कळ दाबली.

तुकोजी कठड्याशी आला. हसला. पाट्टीचं नाक पडद्याला टेकायचं तेवढं राहिलं. त्याचे ओठ हलले आणि त्यांच्याबरोबर तिचेही हलले.

"जेवलों," ती म्हणाली. "जेवलों अम्मा."

तो उतरला, होडी निघाली, टोपी लहान होत गेली. तिने सगळं शेवटपर्यंत पाहिलं. मग मामंजींकडे तोंड वळवलं, त्यांचे ओठ दिसावेत म्हणून. "रघू, सरळ तें हें काय?"

"होय अम्मा. हेंच सरळ." मामंजी तिच्यासमोर खाली वाकले आणि एकेक शब्द सुटा करून म्हणाले, "घरीं दाखवायला काढतों, असें मी सांगितलों. तर तो म्हणाला, अम्मा पहिलं तेंच विचारील, म्हणून आत्तांच सांगून ठेवतों."

"तुला ठाऊक होतं."

"होतं."

मला वाटलं, आता ही रडेल. ती भडकली. काठी फरशीवर आपटली. दरवर्षी मी त्याला विचारतें, बहिऱ्या भिंतीला विचारावं तसं विचारतें, आणि तो पोरगा आधीच सांगून गेलाय, आणि तूं मधे हात घालून उभा, असं ती बोलत राहिली. मामंजी मान खाली घालून ऐकत होते. मला त्यांची बाजू घ्यायची होती आणि तिची पण घ्यायची होती. कुणाचीच घेता आली नाही. कनकलता पदराने डोळे पुसत होती. अखिलाने लॅपटॉप मांडीवर घेतला आणि तिथल्या तिथे त्या घोषणा काढून टाकल्या. पाट्टीच्या कानांना त्या पोचल्याच नव्हत्या, एवढी तरी देवाची कृपा.

बोलून दमल्यावर पाट्टीने काठी खुर्चीला टेकवून ठेवली. मग तिचा आवाज एकदम खाली आला.

"जेवून गेला तो," ती म्हणाली.

पुन्हा एकदा, स्वतःशीच, तेच म्हणाली. मग कनकलताला हाक मारून सांगितलं, भटजींना विचारून ठेव, त्याची तिथी कोणती येते. एवढ्या वर्षांत त्या घरात हा शब्द कुणी उच्चारला नव्हता. अखिलाने परवानगीचा विषय काढायच्या आतच पाट्टीने तिला सांगून टाकलं की दाखव सगळ्यांना, पण तो काय म्हणतो तें खाली लिही, माझ्यासारखे बहिरे असतात.

पानं मांडली. तुकोजीचं पान नेहमीच्या जागी, खिडकीखाली, सगळ्यात आधी वाढलेलं. आम्ही बसलो, अखिला बसली, कॅमेरावालाही बसला. मामंजी अंगणात होते. विहिरीपर्यंत जायचे, परत दारापर्यंत यायचे, आत पाऊल टाकायचे नाहीत. मी दोनदा बोलावलं. तिसऱ्यांदा पाट्टीच काठी टेकत दारात गेली.

"रघू," ती म्हणाली, "तूं जेवलास का रे?"

ते थांबले. तरुणपणापासून दर अनुषमला हा माणूस त्या घरात जेवला होता, पण प्रोजेक्टर आवरून, सगळ्यांच्या शेवटी, कुठेतरी कोपऱ्यात. हा प्रश्न त्यांना कुणी कधी केला नव्हता. तो कायम त्या वेष्टीवरच्या पोराचा होता. "नाही अम्मा," एवढंच मामंजी म्हणाले आणि दाराची चौकट धरून लहान मुलासारखे हुंदके देऊ लागले. मी त्यांना त्याआधी कधी रडताना पाहिलं नव्हतं.

पाट्टीने त्यांना रडू दिलं. मग काठीचं टोक खिडकीखालच्या पानाकडे केलं. "तिथें बस," ती म्हणाली.

आणि आमचे मामंजी तुकोजीच्या पानावर मांडी घालून बसले. पायसम दुसऱ्यांदा वाढून झालं, तिसऱ्यांदा झालं, बाकीचे हात धुवायला उठले, तरी ते बसूनच होते.